टुईच्या पानात काय वाढायचं

पहाटेचे साडेपाच वाजले होते आणि एल्के नोस्के ओट्यापुढे गुडघे टेकून एका पातेल्याकडे टक लावून बसली होती. पातेल्यावर ओलं फडकं होतं. झोपायला जाताना तिने ते बघितलं तेव्हा मध्ये खोल गेलेलं होतं, आता त्याला पोट आलं होतं. खरंखुरं, गोल, मऊ पोट. पांघरुणाखाली मांजर बसावी तसं.

"टांटे," ती कुजबुजली. मोठ्याने बोललं तर ते खाली बसेल अशी तिला भीती होती. "ये ना इकडे. फुगलंय."

टांटे फ्रीडा खुर्चीच्या हातांवर जोर देत उठली, आली, फडक्याचं टोक उचलून वास घेतला आणि करंगळीने पिठाला एकदाच टोचलं. पडलेला खळगा हळूहळू, स्वतःहून भरून आला.

"हं," टांटे म्हणाली.

चौऱ्याऐंशी वर्षांच्या टांटेचं "हं" ही काय चीज आहे ते या घरातल्यांनाच ठाऊक. जिल्ह्याच्या कृषिप्रदर्शनात एकतीस वर्षं ती केकच्या विभागाची परीक्षक होती. प्रत्येक केक उचलून त्याचं बूड बघायची, टिचकी मारून कान लावायची, आणि तेवढा वेळ बायका तंबूबाहेर नखं खात उभ्या. ती बाबांची आत्या, पण तीन पिढ्या तिला जर्मन पद्धतीने टांटेच म्हणत. तिच्या तोंडून हे एक "हं" काढायला एल्केला तीन आठवडे आणि सात कुखन, म्हणजे जर्दाळूचे केक, लागले होते.

पहिले दोन कुखन म्हणजे विटा होत्या. तिसरा ओल्या वाळूसारखा. चौथा बाबांनी द्राक्षमळ्याच्या फाटकाखाली टेकू म्हणून सारला होता आणि फाटक अजून तसंच भक्कम उभं होतं. यीस्ट घालून फुगवलेला जाड मऊ थर, त्यावर ताज्या जर्दाळूंच्या फोडी, त्यावर साखरेचा भुरभुरीत चुरा: नाताळच्या दुसऱ्या दिवशी नोस्के कुटुंबाचं याच्याशिवाय पान हलत नसे. दीडशे वर्षांत तो कोणी गव्हाशिवाय केला नव्हता. दुधाशिवाय, लोण्याशिवाय, अंड्याशिवाय तर सोडाच. आणि आता ज्वारीचं पीठ, तांदळाचं पीठ, साबुदाण्याचं पीठ आणि चार चमचे इसबगोल या बापड्यांनी मिळून हा चमत्कार केला होता. एल्केला पातेल्याची पापी घ्यावीशी वाटली. घेतली नाही. कारण चौदा कलमी यादीतलं सहावं कलम: पिठाला तोंड लावू नये.

ती यादी फ्रिजवर चिकटवलेली होती. गव्हाचं पीठ, पाव, शेवया, बाबांची बिअर, सगळं मागच्या पत्र्याच्या शेडमध्ये हलवलेलं. ओटा तीनदा धुतलेला. ट्रे नवा, चमचा नवा, सुरी नवी, फेटायचं यंत्रही नवं.

हा सगळा खटाटोप कॉन्रॅडकाकासाठी होता. खरं तर त्याच्या लेकीसाठी, टुईसाठी.

टुईच्या आतड्यांना गहू सोसत नाही. जव नाही, राय नाही, चिमूटभरही नाही. शिवाय नायरीकाकू दूध, अंडी, मध, काहीच खात नाही, आणि लेकीलाही तिने तसंच वाढवलंय. तीन वर्षांपूर्वी याच दिवशी, याच घरात, टांटेने पाच वर्षांच्या टुईसाठी मुद्दाम वेगळा केक केला होता. टुईने आनंदाने दोन तुकडे खाल्ले, आणि संध्याकाळी तिला उलट्या सुरू झाल्या त्या थांबेचनात. दोन दिवस सलाईन. टांटेच्या हातून काहीतरी राहिलं असणार हे सगळ्यांना उघड होतं. टांटे मात्र हो म्हणाली नाही, नाही म्हणाली नाही, आणि माफी तर मुळीच मागितली नाही. ओठ घट्ट मिटून बसली. कॉन्रॅडकाका गाडीत बसला तो परत फिरकला नाही.

नोव्हेंबरात एल्केनेच त्याला फोन केला होता. सोळा पूर्ण झाल्यापासून तिला असे फोन करता येऊ लागले होते, कसे ते तिलाही कळत नव्हतं.

"सगळं मी करते, काका. टुई जे खाईल तेच आम्ही सगळे खाऊ. एकही वेगळी ताटली नाही."

मग काका म्हणाला, "एकदाच, एल्के. परत काही झालं तर पुन्हा विचारू नकोस. मला नाही म्हणायला लावू नकोस."

म्हणून हे फुगलेलं पोट म्हणजे नुसतं पीठ नव्हतं.

"जा, जर्दाळू काढून आण," टांटे म्हणाली. "उन्हं चढली की झाडावरच शिजतील ते. ट्रे मी तयार करते."

"खोबरेल लावायचं हं. लोणी नाही."

"चौदाच्या चौदा कलमं पाठ आहेत मला. जा."

एल्के बादली घेऊन पळाली. बाहेर अजून गार होतं, पण डिसेंबर म्हणजे इथला भर उन्हाळा, रेडिओवर बेचाळीस अंशांची भाकितं चालली होती. झाडाखाली उभं राहिलं तर अंगणापलीकडे द्राक्षांच्या रांगा टेकडीवर चढत गेलेल्या दिसत, आणि आज तिला वाटलं, त्यासुद्धा फुगल्यात.

*

नऊ वाजता हेडीआत्या आली. बाबांची धाकटी बहीण. ती दारात उभी राहिली आणि आपले दोन्ही तळहात सगळ्यांना दिसतील असे वर धरले.

"बघा. चाळीस वर्षांत पहिल्यांदा मी हात हलवत आलेय. बटाट्याचं सॅलड नाही, मधाची बिस्किटं नाहीत. शेजारीण विचारत होती, हेडविग, कोणी गेलं का म्हणून."

"यादीत आहे, आत्या. बाहेरचं काही आणायचं नाही."

"यादी वाचली मी. मोझेसने सुद्धा दहा आज्ञांतच उरकलं होतं." तिने ओव्हनच्या काचेतून वाकून बघितलं. "यात काय काय आहे म्हणालीस?"

"ज्वारी, तांदूळ, खोबरेल, इसबगोल..."

"इसबगोल? पोट साफ व्हायला घेतात तो?"

"तो पिठाला धरून ठेवतो. गव्हात जे चिकट असतं ना, ते इथे नसतं, मग इसबगोल..."

"आणि खोबरेल केसांना लावायचं." हेडीआत्याने भावाकडे वळून मान हलवली. "डीटर, तुझ्या मुलीने न्हाणीघरातलं कपाट भाजायला ठेवलंय."

बाबा हसले नाहीत, कारण त्यांच्या तोंडात काहीतरी होतं. ते नुकतेच मागच्या शेडमधून आले होते.

"बाबा."

"काय?"

"सॉसेज ना?"

बाबांनी गिळलं. "मी हात धुतो," ते म्हणाले आणि निमूटपणे गेले. साडेसहा फुटी माणूस, हजार वेलांचा मालक, आणि तिच्या एका शब्दावर साबण शोधत होता. आई आज हॉस्पिटलात ड्यूटीवर होती, त्यामुळे घराचा सगळा कारभार एल्केकडे होता आणि तिला तो अंगावर नव्या कोटासारखा वाटत होता. जरा मोठा, पण शोभणारा.

मग ओव्हन उघडला. जर्दाळूंच्या कडा जराशा करपून गडद झाल्या होत्या, रस उकळून चुऱ्यात शिरला होता, आणि वास असा सुटला की हेडीआत्याचंही तोंड बंद झालं. टांटेने केरसुणीची नवीकोरी काडी मोडून मध्ये खुपसली, बाहेर काढून उजेडात धरली. काडी स्वच्छ होती.

"दोन तास निवू दे," टांटे म्हणाली. "जाळीवर आधी फडकं घाल. बुडावर जाळीचे वळ उठले तर मी गुण कापते."

*

काकाची गाडी साडेअकराला आली. नायरीकाकू उतरली, तिने एल्केला घट्ट मिठी मारली आणि कानात म्हणाली, "कालपासून झोपली नाहीये पोरगी. तिच्या बापाचीही तीच गत." न्यूझीलंडचे तिचे लांब, सुरेल स्वर एल्केला फार आवडत.

कॉन्रॅडकाकाचे केस कानांवर पांढरे झाले होते. टांटे व्हरांड्यात काठी टेकून उभी होती.

"आलास," ती म्हणाली.

"आलो."

"ऊन होतं?"

"होतं."

बस्स. एल्केने आशेने वाट बघितली. तीन वर्षं या चार शब्दांत कशी काय मावली, मोठ्या माणसांना हे शिकवतात तरी कुठे, असं तिच्या मनात आलं.

टुई सगळ्यात शेवटी उतरली. आठ वर्षांची, काटकुळी, दोन्ही गुडघ्यांना पट्ट्या. तिने कोणालाही हॅलो म्हणायच्या आधी विचारलं, "यातलं मी काय खाऊ शकते?"

"सगळं," एल्के म्हणाली.

"सगळं म्हणजे?"

"सगळं म्हणजे सगळं. टेबलावर जे आहे ते."

टुईने आईकडे बघितलं. नायरीकाकूने मान डोलावली, कारण तिने आदल्या दिवशी फोनवर तासभर प्रत्येक पाकिटाची लेबलं वाचून घेतली होती. मग टुई वेलीच्या मांडवाखाली मांडलेल्या लांब टेबलाभोवती फिरली. शेपू घातलेली काकडी, बटाट्याचं सॅलड, भाजलेल्या ढोबळ्या मिरच्या, काबुली चण्यांची कोशिंबीर, भाताचा डोंगर. प्रत्येक भांड्यावर ती हात धरायची, न लावता, जरासा वर, आणि पुढे जायची. "हेपण? हेपण?" असं पुटपुटत होती. हेडीआत्याने तोंड फिरवून उगाचच चमचे मोजायला घेतले.

जेवण रंगलं. हेडीआत्याने तिसऱ्यांदा काकडी वाढून घेतली आणि म्हणाली की औषधं घालून केलेला स्वयंपाक काही इतका वाईट नसतो. बाबांनी काकाला विचारलं की शहरात पाऊस किती, काकाने सांगितलं, किती ते. दोघं भाऊ पावसाबद्दल बोलत होते म्हणजे खूप झालं. टांटे टेबलाच्या टोकाला बसली होती आणि काका दुसऱ्या टोकाला, आणि मधली सगळी माणसं त्या दोन टोकांना एकमेकांकडे बघावं लागू नये अशा बेताने वाकून, सरकून बसली होती.

मग कुखन आला.

बाबांनी तो फळीवर ठेवून मिरवत आणला. टुई खुर्चीवर गुडघे रोवून उभी राहिली, ताटली छातीशी धरून. एल्केने नवी सुरी उचलली.

"थांब," टांटे म्हणाली. "बूड बघितलं नाही अजून."

"टांटे, हे काय प्रदर्शन आहे का?" हेडीआत्या म्हणाली.

"बूड बघितल्याशिवाय केक कापत नाहीत."

टांटेने पातं सारून एक कोपरा उचलला आणि वाकून खाली बघितलं. बोट फिरवलं. बोटाला पांढरं लागलं. तिने ते अंगठ्यावर चोळलं. एकदा. परत. मग तिने मान वळवून स्वयंपाकघराच्या उघड्या दारातून आत, ओव्हनशेजारच्या भिंतीकडे बघितलं, आणि एल्केला तिच्या चेहऱ्यावरचा रंग उतरताना दिसला.

"कोणी खाऊ नका," टांटे म्हणाली.

"काय झालं?"

"तांदळाचं पीठ बोटाला खरखरतं. हे खरखरत नाहीये." तिने कोपरा अलगद खाली ठेवला. "गव्हाचं आहे. पहाटे ट्रेला तेल लावलं आणि वरून मी पीठ भुरभुरवलं. त्या डबीतलं."

एल्केने डबीकडे बघितलं. ओव्हनशेजारी खिळ्याला टांगलेली, झाकणाला भोकं पाडलेली पत्र्याची डबी. ती तिथे एल्केच्या जन्माआधीपासून होती, बाबांच्या जन्माआधीपासूनही असेल. एल्केने ओटा तीनदा पुसला तेव्हा डबी तिच्या नाकासमोर टांगलेली होती. चौदा कलमांत ती नव्हती, कारण ती कोणाला दिसतच नव्हती. आणि टांटेचा हात, सत्तर वर्षं तेल लावल्याबरोबर त्या खिळ्याकडे जाणारा हात, आजही तिकडेच गेला होता.

टांटे उठली. टेबलाची कड धरत धरत ती सगळ्यांच्या पाठीमागून टुईच्या खुर्चीपाशी आली. वाकायला तिला वेळ लागला.

"टुई, हा केक तुला चालणार नाही. एल्केची काही चूक नाही, तिने सगळं बरोबर केलं होतं. चूक माझी आहे. हात सवयीने गेला आणि माझं लक्ष नव्हतं. मला माफ कर."

एल्के थक्क होऊन बघत राहिली. सोळा वर्षांत तिने टांटेच्या तोंडून हे दोन शब्द ऐकले नव्हते. अख्खं घर तीन वर्षं याच दोन शब्दांसाठी ताटकळलं होतं, त्यांच्यावाचून एक भाऊ दुसऱ्याला अंतरला होता, आणि आज ते असे आले, न मागता, सगळ्यांसमोर, आठ वर्षांच्या पोरीपुढे.

"हेच तेव्हा म्हणाली असतीस तर..." हेडीआत्या म्हणालीच.

"तेव्हाचं तेव्हा, हेडविग."

टुईने ताटली खाली ठेवली. "ठीक आहे," ती म्हणाली. पण तिचे डोळे केकवरच होते.

कॉन्रॅडकाका उभा राहिला. त्याचा चेहरा विचित्र झाला होता, रागावलेला म्हणावा तर तसाही नाही. त्याने खिशातून किल्ली काढली. "नायरी, निघू या."

"खाण्याआधी सांगितलं तिने," नायरीकाकू शांतपणे म्हणाली.

"झालं ना पण परत."

"झालं नाही. होता होता राहिलं. दोन्हीत फरक आहे, कॉन्रॅड."

"मला इथे थांबवत नाहीये."

"दहा मिनिटं," एल्के म्हणाली.

सगळ्यांनी तिच्याकडे बघितलं. तिनेही, आतल्या आत, स्वतःकडे बघितलं, कारण पुढे काय बोलायचं ते तिला अजून ठाऊक नव्हतं. मग आठवलं. फ्रिजमध्ये, दाराच्या खणात, बरणी. "काका, दहा मिनिटं फक्त. मग जा."

*

बरणीत काल कोशिंबिरीसाठी उकडलेल्या काबुली चण्यांचं पाणी होतं. थंड, पिवळसर, जरासं चिकट. एल्केने वाचलं होतं की ते फेटलं की अंड्याच्या पांढऱ्यासारखं फुगतं. वाचलं होतं फक्त. करून बघायची हिंमत झाली नव्हती, कारण सात कुखनांनंतर आठवा अपमान सोसायची तिची तयारी नव्हती.

नायरीकाकूने आत येऊन बाह्या वर केल्या. काचेचं मोठं भांडं तिने स्वतः घासलं, यंत्राच्या काड्या उकळत्या पाण्यातून काढल्या, आणि पिठीसाखरेचं पाकीट बाजूला सारलं. "यात कधीकधी गव्हाचं सत्त्व असतं. बारीक साखर घे, दाणेदार."

हात पोळेल अशी तापलेली असल्यासारखी टांटेने ती पिठाची डबी दोन बोटांत धरली आणि बाहेर शेडमध्ये नेऊन टाकली. परत येऊन कोपरापर्यंत हात धुतले. मग दाराशी उभी राहिली, आत न येता. एल्केला ते बघवेना.

"टांटे, लिंबू पिळ ना."

"मी?"

"मग कोण?"

टांटेने लिंबू पिळलं. यंत्र सुरू झालं.

पहिल्या मिनिटाला मळकट फेस आला. तोवर सगळं घर दारात गोळा झालं होतं. "भांडी घासायला काढली वाटतं," हेडीआत्या म्हणाली.

"आमची फेसाची मिठाई, पावलोव्हाच ना ही, अंड्याविना?" नायरीकाकू म्हणाली. "माझी आजी ऐकायला असती तर आम्हा सगळ्यांना बोटीत घालून परत पाठवलं असतं. पावलोव्हा शोधली आम्ही न्यूझीलंडवाल्यांनी, बिघडवताय तुम्ही."

"तुम्ही शोधली?" बाबा म्हणाले. "आमच्याकडून चोरलीत."

"डीटर, पाव्हण्यांसमोर तरी खरं बोल."

चौथ्या मिनिटाला फेसाचा मळकटपणा गेला. कुठे गेला ते कोणाला कळलं नाही. तो दुधाळ झाला, मग पांढरा, मग त्याहून पांढरा. टुई स्टुलावर चढून चमच्या-चमच्याने साखर सोडत होती, जीभ दातांत धरून. सहाव्या मिनिटाला काड्यांच्या मागे रेषा उमटू लागल्या आणि मोडेनाशा झाल्या. वाटीभर पाणी होतं ते आता भांड्याच्या काठाला आलं होतं, चकाकत होतं, आणि त्यात शिखरं होती. चण्याच्या पाण्यातून बर्फाचे डोंगर. एल्केच्या हाताला मुंग्या आल्या होत्या, पण तिने यंत्र थांबवलं नाही, कारण थांबलं तर हे खरं आहे का ते बघावं लागलं असतं.

"मी सत्तर वर्षं अंडी फेटली," टांटे हळूच म्हणाली. कोणाला उद्देशून नाही. "आणि हे पाणी मोरीत ओतत आले."

यंत्र बंद झालं.

"आता पालथं करून बघायचं," टुई म्हणाली. "डोक्यावर. डॅड न्यूझीलंडच्या आजीच्या घरी तसंच करतो."

"हा आमच्याकडचाच रिवाज," बाबा म्हणाले. "पडलं नाही तर जमलं."

"कोणाच्या डोक्यावर?"

"डॅडच्या."

कॉन्रॅडकाका सगळ्यांच्या मागे उभा होता, किल्ली मुठीत. त्याने लेकीकडे बघितलं. मग तो पुढे आला, खुर्ची ओढली, बसला आणि खांदे पाडून मान खाली घातली.

एल्केने भांडं उचललं. जड होतं. तिने ते त्याच्या डोक्यावर नेलं, श्वास रोखला आणि एका झटक्यात पालथं केलं.

काही पडलं नाही. एक ठिपकासुद्धा. ते पांढरं भांड्याला धरून राहिलं होतं, काकाच्या पांढऱ्या होऊ लागलेल्या केसांच्या चार बोटं वर. कोणी टाळी वाजवली नाही. हेडीआत्याचा हात तोंडावर होता.

"टांटे," भांड्याखालून काका म्हणाला.

"हलू नकोस."

"त्या दिवशी टुईचा केक मी कापला होता."

एल्केच्या हातातलं भांडं कललं. नायरीकाकूने पुढे होऊन भांड्याला कडेने आधार दिला, पण डोळे नवऱ्याच्या मानेवर होते.

"सुरी तिथेच पडली होती," काका जमिनीशी बोलत होता. "मोठ्या कुखनची. मी ती पँटला पुसली आणि घेतली. हॉस्पिटलात रात्री आठवलं मला. तोवर सगळे म्हणायला लागले होते की टांटेचंच काहीतरी... आणि मी म्हणू दिलं. रोज वाटायचं उद्या सांगू. मग इथे यायचंच बंद केलं, ते सोपं होतं. मघाशी तू बोललीस, एका मिनिटात, आणि मला तिथे बसवेना."

"माहीत आहे मला," टांटे म्हणाली.

काकाने मान वर केली. नायरीकाकू आणि एल्केने भांडं कसंबसं बाजूला घेतलं.

"तुम्ही गेल्यावर टेबल आवरताना सुरी बघितली मी," टांटे म्हणाली. "माझ्या केकचा ओला चुरा आणि त्याखाली मोठ्या कुखनचा सुका. एकावर एक. मला कळायला काय वेळ?"

"मग बोलली का नाहीस?" हे एल्केच्याच तोंडून निघालं. "आम्ही सगळे तुला... आत्या तर चर्चमध्येसुद्धा तुझ्या शेजारी बसत नव्हती."

हेडीआत्या भिंतीकडे बघू लागली.

टांटेने ओट्याला टेकून काठी दुसऱ्या हातात घेतली. "ही पोर रोज त्याच्या हातचं खाते. सकाळ, दुपार, संध्याकाळ. माझ्या हातचं वर्षातून एकदा. कोणाच्या हाताची भीती बसलेली परवडली असती?" मग जरा थांबून, नेहमीच्या करड्या आवाजात, "पण माफी मागायला तयार नव्हते मी. जे केलं नाही त्याची माफी मागत नाही मी."

एल्के बघतच राहिली. तिला वाटत आलं होतं की टांटे हट्टी आहे. आता तिच्या डोळ्यांसमोर ती म्हातारी, सुती झग्यातली, लिंबाचे हात पुसणारी, एवढी उंच झाली की स्वयंपाकघरात मावेना. तीन वर्षं. रोज याच टेबलावर, आमच्या टोमण्यांमध्ये बसून, बटर लावलेला पाव खात. आणि मी, एल्केला आठवलं, मीसुद्धा एकदा म्हणाले होते, टांटे, तुला लाज कशी वाटत नाही.

नायरीकाकूने नवऱ्याच्या खांद्यावर हात ठेवला. हलका नव्हता तो हात, पुढे घरी गेल्यावर बरंच बोलायचं आहे असा होता. पण ठेवला.

"खायचं का आता?" टुईने विचारलं. "मी अजून उपाशी आहे."

एल्केने उरलेले जर्दाळू चिरले. फोडी वेड्यावाकड्या झाल्या. मांडवाखाली सगळे परत बसले, आणि कसं झालं कोणास ठाऊक, पण या वेळी जागा बदलल्या. हेडीआत्या टांटेला चिकटून बसली, अगदी मांडीला मांडी लावून. तिचा हातपंखा तेवढा तिच्यापेक्षा टांटेकडे जास्त हलत होता.

पहिला चमचा टुईचा. तिने तो डोळे मिटून तोंडात घेतला आणि सगळं टेबल थांबलं. तिने डोळे उघडले. तोंड उघडून आत बोटाने चाचपलं.

"गेलं कुठे?" ती म्हणाली. "मी अजून चावलं पण नाही."

बाबा आधी हसले, मग नायरीकाकू, मग हेडीआत्या तर डोळे पुसत. टुईने घाईघाईने दुसरा चमचा भरला, या वेळी त्याला पळू द्यायचं नाही असा निश्चय करून, आणि तोही पळाला.

वाढण्याचा मोठा चमचा एल्केच्या हातात होता. तिने बाबांना वाढलं, आत्याला वाढलं, नायरीकाकूला वाढलं. कॉन्रॅडकाकाच्या ताटलीपाशी आली तेव्हा त्याने ताटलीवर हात आडवा धरला. तो उठला, टेबलाला वळसा घालून दुसऱ्या टोकाशी गेला, आणि ताटली टांटेपुढे धरून उभा राहिला.

"तू वाढ," तो म्हणाला.

एल्केने चमचा टांटेच्या हातात दिला. टांटेने भांडं जवळ ओढलं, आणि त्याच्या ताटलीत एवढा मोठा पांढरा डोंगर घातला की त्याला तो दोन्ही हातांनी सांभाळावा लागला.